विजू, ओजसबद्दल

दांडिया बाजार, बडोदे
18 ऑगस्ट 2024

प्रिय विजू,

परवा फोनवर तू एवढंच म्हणालीस, "म्हणजे तुला माहीत होतं," आणि फोन ठेवलास. हो, होतं. तुझा ओजस मुलगी म्हणून वाढला, पण तो मुलगा आहे, हे मला होळीपासून माहीत होतं. पाच महिने मी तुझ्याशी पापडाच्या पिठापासून निवडणुकीपर्यंत सगळं बोलले आणि हे तेवढं बोलले नाही. तू रागावली असशील, तर तुझा राग मला मान्य आहे.

पण 1998 आठव. तुझं नि सुहासचं रजिस्टर लग्न मी काकूंसमोर बोलून बसले होते. तीन महिने तू माझ्याशी अबोला धरलास. नंतर म्हणालीस, "सांगायचं होतं ते मीच सांगणार होते." ओजसनं मला सांगितलं त्या दिवशी तुझं हेच वाक्य माझ्या कानात वाजत होतं. जे त्याचं होतं ते त्यानंच सांगायला हवं होतं.

माझी तब्येत बरी आहे, गुडघा आहे तसाच.

मे महिन्यात तुला त्याच्या बॅगेत क्रेप बँडेज सापडलं आणि तू विचारलंस, खेळताना लागलं का? तो छातीला बांधत होता. ते आता बंद केलंय. क्रेप बँडेज श्वासागणिक आवळत जातं, बरगड्या दुखावतात. त्यासाठी बाइंडर मिळतो, म्हणजे छाती सपाट दिसावी म्हणून घालायचा घट्ट बनियन. छातीचं माप घेऊन, अगदी बरोबर मापाचा घ्यायचा. जास्त सपाट दिसावं म्हणून एक नंबर लहान घेतात, तिथंच चुकतं. दिवसाला आठ तासांपेक्षा जास्त नाही, झोपताना नाही, व्यायाम करताना नाही. धाप लागली किंवा टोचलं की लगेच काढायचा. बडोद्याच्या उन्हाळ्यात पुरळही येतं. तुझ्याकडे सुट्टीला आला की त्याला दुपारी दार लावून खोलीत पडू दे, उगाच हाका मारू नकोस.

हाकेवरून आठवलं. ओजस हे नाव त्यानं एका संध्याकाळी ठरवलं. आपण दोघींनी कुत्र्याच्या पिल्लाच्या नावावर पंधरा दिवस घातले होते! तू फोनवर दोनदा "ती" म्हणालीस आणि मग रडलीस. रडू नकोस गं. चुकलं तर "तो" म्हणून दुरुस्त करायचं आणि पुढं बोलायचं. आपण रडत बसलो की आपली समजूत काढायचं काम पुन्हा त्याच्याच गळ्यात पडतं.

आता तुमच्या घरातले नाना. त्यांच्या म्हणण्याप्रमाणे पुण्याचा कोणी डॉक्टर "हे घालवून देतो" म्हणे. विजू, त्या दारात पोराला नेऊ नकोस. जागतिक आरोग्य संघटनेची आजारांची नवी यादी 1 जानेवारी 2022 पासून लागू झाली, तिच्यात ट्रान्सजेंडर असणं मानसिक आजारांमध्ये नाही. असले "बरं करण्याचे" उपचार म्हणजे डॉक्टरचं व्यावसायिक गैरवर्तन, असं राष्ट्रीय वैद्यक आयोगानं 2022 मध्येच कळवलंय. अशा उपचारांनी पोर आतून मोडतं आणि घराशी बोलायचं थांबतं. नाना "घरात पाऊल ठेवू देणार नाही" म्हणाले ना, तर त्यांना सांग, ट्रान्सजेंडर माणसाला घराबाहेर काढणं 2019 च्या कायद्याच्या कलम 18 प्रमाणे गुन्हा आहे. सहा महिने ते दोन वर्षं कैद आणि दंड. माझं नाव घेऊन सांग हवं तर. बडोद्यात 25 नोव्हेंबर 2020 पासून गरिमा गृह आहे, घर सुटलेल्या ट्रान्सजेंडर लोकांसाठी निवारा. ओजसवर तिथं जायची वेळ येऊ नये एवढंच मला वाटतं.

लोकांचं काय सांगू. ट्रान्सजेंडर म्हटलं की त्यांना फक्त बहुचराजीच्या देवळाशी आशीर्वाद देणाऱ्या मासी, म्हणजे किन्नर, दिसतात. मुलगी म्हणून वाढलेला, दाढीची वाट बघणारा मुलगाही असतो, हे कुणाच्या गावीच नाही. आणि ज्या मासींच्या पाया पडतात, त्यांनाच खोली भाड्यानं देत नाहीत. याचा मला फार त्रास होतो.

कागदांची काळजी तू माझ्यावर सोड. तो गेल्या वर्षी जुलैत इथं आला, म्हणजे जिल्ह्यात सलग बारा महिन्यांचा रहिवास झाला. त्याशिवाय इथल्या कलेक्टरकडे ट्रान्सजेंडर प्रमाणपत्रासाठी अर्ज करता येत नाही. राष्ट्रीय पोर्टलवर अर्ज आणि सोबत सोगंदनामा, म्हणजे तुमचं प्रतिज्ञापत्र. 2020 च्या नियमांत वैद्यकीय तपासणीची अट नाही. कोणी मागितली तर नियम दाखवायचा. प्रमाणपत्र आणि ओळखपत्र 30 दिवसांत द्यायचं असतं. त्यावर "ट्रान्सजेंडर" असं येईल. "पुरुष" लिहून हवं असेल तर शस्त्रक्रियेनंतर पुन्हा वेगळा अर्ज. म्हणून आधारला घाई नको. तिथं नाव दोनदा बदलता येतं, पण लिंग एकदाच. पुढच्या वेळी अपवाद म्हणून प्रादेशिक कार्यालयाकडे जावं लागतं. आता फक्त नाव बदलायचं की दोन्ही, ते त्याला ठरवू दे. आधारनंतर पॅन आणि बँक, दहावी-बारावीची प्रमाणपत्रं शेवटी. बहुतेक अर्ज अडतात ते स्पेलिंगवर. इंग्रजीत ओजसला एस एक की दोन, आडनाव आधी की शेवटी, हे एकदा ठरवायचं आणि प्रत्येक कागदावर अक्षर न अक्षर तेच.

त्याच्या आधारला अजून तुझा मोबाईल जोडलेला आहे. आमच्या अर्ध्या संध्याकाळी तुझ्या ओटीपीची वाट बघण्यात जातील. तो नंबर आधी बदलून घेते.

हार्मोनचं अजून काहीच सुरू नाही. सुरू करायचं झालं तर एंडोक्रायनॉलॉजिस्टकडूनच, म्हणजे हार्मोनच्या डॉक्टरकडून, जिमवाल्याच्या इंजेक्शनानं नाही. टेस्टोस्टेरॉननं रक्त घट्ट होऊ शकतं, म्हणून पहिल्या वर्षी दर तीन महिन्यांनी तपासणी करतात. एकदा फुटलेला आवाज औषध थांबवलं तरी परत बारीक होत नाही. पुढे मूल हवं का, हेही सुरू करण्याआधीच बोलायचं असतं. हे त्याला माहीत आहे. तुलाही माहीत असावं म्हणून लिहिलं.

गच्चीची गळती थांबली का? सुहास काय म्हणतो? तू त्याच्याबद्दल एक अक्षर बोलली नाहीस, त्याची मला धास्ती वाटते.

काल मीनूचं पाकीट आलं, माझ्या पत्त्यावर. वर तिच्या त्या तिरप्या अक्षरात "ओजस" आणि आत राखी. तुला न विचारता पाठवली असणार, रागावू नकोस तिला. उद्या तो सकाळी इथंच येणार आहे. मी ओवाळीन, पण राखी मीनूची. नऊच्या सुमारास फोन कर. मी उचलणार नाही, तो उचलेल.

आणि इकडे येशील तेव्हा त्याच्या दहावीच्या प्रमाणपत्राची मूळ प्रत आण, झेरॉक्स नको.

तुझी,
सुमी