गाईची लाथ हा विनोद नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या अंकात करिअरच्या पानावर मेडिकल कोडिंगवरचा, म्हणजे रोग्याच्या कागदावरचं दुखणं आणि त्याचं कारण ठरलेल्या अक्षर-आकड्यांत मांडायच्या कामावरचा, लेख वाचला. लेख ठीक आहे, पोरापोरींच्या कामाचा आहे. पण त्याला चिकटवलेली ती 'अजब कोड'ची चौकट कोणाच्या डोक्यातून निघाली? म्हणे अमेरिकेत बदकानं मारलं तर एक कोड, गाईनं मारलं तर दुसरा, आणि गाईनं मारलेला माणूस पुन्हा दवाखान्यात आला तर तिसरा. पुढे दोन उद्गारचिन्हं. अमेरिकेवर हसा, आमची ना नाही. पण विदर्भ आवृत्तीत गाईच्या लाथेवर हसायचं म्हणजे कमाल झाली. आपल्या कार्यालयाच्या मागे गोठा नसावा.

आमच्या मागे आहे. पहिलारू गाय व्याली होती, वासरू आखडून घेतलं म्हणून बिथरली, आणि धार काढायला बसलेल्या आमच्या मंडळींच्या गुडघ्याखाली तिनं लाथ घातली. हाड वरच्या टोकाशी, सांध्याजवळच फुटलं. जिल्ह्याच्या ठिकाणी नेलं. तिथल्या शिकाऊ डॉक्टरनं मान वर न करता विचारलं, "कुठं पडल्या?" ही म्हणाली, "पडली नाही जी डॉक्टरसाहेब, गाईनं लात मारली." त्यानं 'बरं' म्हटलं आणि केसपेपरवर लिहिलं: हिस्ट्री ऑफ फॉल ॲट होम. तेच पुढे भरतीच्या कागदावर उतरलं, तेच सुटीच्या कार्डावर. आता ती दवाखान्याच्या लेखी घरात पडलेली बाई आहे, आणि आमची गाय निर्दोष सुटली आहे.

माझी भाची नागपुरात बसून हेच कोडिंगचं काम करते. अमेरिकेतल्या दवाखान्यांचे कागद दिवसभर वाचते. आपली चौकट तिला मोबाइलवर पाठवली तर तिनं आधी चुका काढल्या. गाईनं किंवा बैलानं मारण्याचा कोड डब्ल्यू ५५.२२, पुढे जागा भरायला एक्स, आणि सातव्या जागी ए, डी किंवा एस. आपण लिहिलंत की पहिल्या भेटीला ए आणि दुसऱ्या भेटीला डी. तसं नाही. मुख्य उपचार चालू आहेत तोवर ए, मग डॉक्टर बदलला तरी ए. ते आटोपून हाड भरून येण्याचा काळ सुरू झाला, म्हणजे प्लास्टर बदलणं, एक्स-रे काढून पाहणं, सळई काढणं, की डी. आणि जखम बरी होऊनही मागे काही खोड राहिली तर एस. 'लाथेच्या कोडवर पैसे मिळतात' हेही आपलंच संशोधन. कारणाचा कोड कधीच पहिला लागत नाही. आधी हाडाचा लागतो, कारण त्याच्या मागे. तिकडेही तो देशभर सक्तीचा नाही. नोंद राहावी म्हणून लावतात, एवढंच. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ यादीत गाय, मांजर, घोडा सगळे ५५ नंबरच्या एकाच खात्यात आहेत. अमेरिकेनं ते फोडून गाईला स्वतःचं घर दिलं, त्यात हसण्यासारखं काय आहे?

मला खरी चुटपुट लागली ती पुढच्या गोष्टीनं. हाडाच्या कोडलाही असंच शेवटचं अक्षर असतं म्हणे. नीट जुळतंय तर डी, उशिरा जुळतंय तर जी, जुळतच नाही तर के, वाकडं जुळलं तर पी. म्हणजे तिकडच्या कागदावर दर भेटीला कोणाला तरी ठरवावंच लागतं, की हाडाचं काय चाललंय. आमच्याकडे दर भेटीला खिडकीवर नवीन चिठ्ठी, नवीन डॉक्टर, आणि पहिला प्रश्न तोच: "कधी पडल्या बाई?" जुना एक्स-रे मी प्लास्टिकच्या पिशवीतून काढून दाखवायचा, त्यानं खिडकीच्या उजेडात धरायचा, 'चालू द्या' म्हणायचं. काय चालू द्या? ती तर चालतच नव्हती. गुडघा वाकेना म्हणून मीच ओरडलो तेव्हा कुठे व्यायामाच्या खोलीकडे धाडलं, आणि ती खोली त्या दिवशी बंद.

भाची म्हणाली, "मामा, मामीचा कागद माझ्याकडे आला असता तरी मला गाईचा कोड लावता आला नसता. कागदावर गाय नाही ना." जे लिहिलं नाही ते घडलंच नाही, असा त्यांचा नियम. मला तो पटला. आमच्याकडे साप चावल्याची नोंद होते, कुत्रा चावल्याची होते. गोऱ्हा अंगावर आला, बंडी जुपताना बैलानं शिंग घातलं, म्हशीनं भिंतीला दाबलं, हे सगळे 'पडलेले'. पोळ्याच्या आसपास फटाक्यांनी आणि डीजेनं बुजलेल्या बैलांनी किती लोकांना लोळवलं हे कोणाला सांगता येणार नाही, कारण ते कुठे लिहिलेलंच नाही.

ऑपरेशन महात्मा फुले जन आरोग्य योजनेतून झालं, एक पैसा लागला नाही, हे कबूल करतो. पण त्या पॅकेजात सुटीनंतरची देखभाल दहा दिवसांची. दहा दिवसांत जुळणारं कोणतं हाड सरकारनं पाहिलं आहे कोण जाणे. पुढची गाडी, औषधं, एक्स-रे, सगळं खिशातून. गोपीनाथ मुंडे यांच्या नावाची शेतकरी अपघात योजना आहे, त्यात जनावराचा हल्ला बसतो; पण एक हात किंवा पाय कायमचा गेला तर एक लाख, फुटून जागेवरच राहिला तर रामराम. आणि सालदाराच्या नावावर सातबाराच नसतो, तेव्हा दिवसभर बैलांमागे तो असला तरी योजनेत तो नाही. हेच रानडुकरानं पाडलं असतं तर वनखात्याचा माणूस पंचनाम्याला दारात आला असता आणि उपचाराचा खर्चही मिळाला असता. आमची चूक एवढीच, की जनावर घरचं निघालं.

मोठं काही मागत नाही. केसपेपरवर 'कशानं लागलं' ही एक ओळ रोग्याला विचारून लिहावी, आणि तोच कागद पुढच्या भेटीला चालवावा. यासाठी अमेरिकेचा कोड नको, संगणक नको, पेन पुरे. आपल्या बातमीदारानं कुठल्याही ग्रामीण रुग्णालयात एक सकाळ बसून याची बातमी करावी. चौकटीपेक्षा बरी होईल.

जाता जाता आणखी एक. त्या चौकटीत 'आपल्याकडची गाय' म्हणून जो फोटो छापला तो खिल्लार बैलाचा आहे. तो गाय नाही आणि आपल्याकडचा तर मुळीच नाही, तो सांगली-सोलापूरकडचा. इकडे गवळाऊ जातीची गाय असते, आर्वी तालुका त्यासाठीच ओळखला जातो. आपला अंक आमच्या गावात दुपारी पोचतो हे मी कित्येक वर्षं चालवून घेतो आहे. निदान त्यात जनावर तरी इकडचं असू द्या.

आपला,
एक जुना वर्गणीदार
ता. आर्वी, जि. वर्धा