मारिस गल्लीतला बटाटा

ट्रंपिंग्टन, केंब्रिज
रविवार, २७ ऑक्टोबर २०२४

तीर्थरूप अण्णा आणि आई यांस,
साष्टांग नमस्कार.

फोनवर बोलणं होतंच, मग पत्र कशाला, असं आई म्हणणार. पण पठारावर रेंज मिळाली तरी अण्णा "बरं हाय, आईला देतो" म्हणून मोकळे होतात, आणि आईचा अर्धा फोन "काय जेवलास?" यातच सरतो. त्या "काय जेवलास"चं एकदा नीट उत्तर द्यावं म्हणून लिहायला बसलोय. आजीला चिमीने मोठ्याने वाचून दाखवावं, पानं न गाळता.

आज पहाटे इथली घड्याळं एक तास मागे घेतली. आता तुमच्या-माझ्यात साडेपाच तासांचं अंतर. पावणेपाचच्या आतच दिवस मावळला. उद्या तुमच्याकडे वसुबारस. पत्र हातात पडेपर्यंत भाऊबीजसुद्धा होऊन गेलेली असेल.

तर काय जेवलो? बटाटे. हसू नका. चाळीस-चाळीस कट्टे बटाटा काढणाऱ्या घरातला पोरगा विमानाने सातासमुद्रापार गेला आणि तिथेही बटाटेच खातोय, हे मलाही कळतंय.

मी ज्यांच्या घरात वरची खोली घेऊन राहतो त्या बाई सत्तरीच्या पुढच्या आहेत. एकट्याच असतात. दर रविवारी दुपारी त्या साग्रसंगीत स्वयंपाक करतात आणि मला खाली बोलावतात. भाजलेलं मांस, उकडलेला कोबी, गाजरं, वरून रस्सा म्हणावा असं एक तपकिरी पातळ, आणि भट्टीत भाजलेले बटाटे. इथल्या हिशेबात बटाटा हे तोंडीलावणं. म्हणजे आपल्याकडे पापड-कुरडई जशी, तसं. पण मांसाचा तुकडा ताटात उरला तरी चालतो, बटाट्याचा ट्रे मात्र कुणी उरू देत नाही. त्यांचा मुलगा आला की शेवटच्या बटाट्यावरून मायलेकांत नजरानजर होते ती मी पाहिलीय.

पहिल्या रविवारी मी विचारलं, हे कशात भाजता? तर बैलाच्या चरबीत. नाताळात गूस नावाच्या बदकासारख्या मोठ्या पक्ष्याच्या चरबीत. माझा चेहरा बघून बाई काही बोलल्या नाहीत. पुढच्या रविवारी दोन ट्रे होते. एक त्यांचा आणि एक छोटा माझा, रेपसीडच्या तेलातला. हे तेल म्हणजे आपल्या मोहरीच्या भावकीतलंच. आजीला हे आधी सांगा, तिला घोर लागलेला असणार.

आता आई, कृती तुझ्यासाठी. सोपी आहे, पण घाई केली की बिघडते.

बटाटे सोलून मोठाल्या फोडी करायच्या, लिंबाएवढ्या. गार पाण्यात मीठ घालून त्यातच चढवायच्या. उकळत्या पाण्यात टाकल्या तर बाहेरून लगदा आणि आतून कच्च्या राहतात. उकळी फुटल्यावर आठ-दहा मिनिटं. सुरी टोचली तर कडेला सहज जावी, मध्यात जरा अडावी. मग पाणी पूर्ण निथळून, भांडं उघडं ठेवून पाच मिनिटं वाफ जाऊ द्यायची. ही पाच मिनिटं मी सुरुवातीला खाल्ली आणि माझे बटाटे ओलेच राहिले. ओला बटाटा भाजला जात नाही, शिजत बसतो. वाफ गेली की झाकण लावून भांडं दोन्ही हातांनी धरायचं आणि सुपात धान्य पाखडल्यासारखं दोन-चारदा हिसडायचं. झाकण उघडलं की फोडींच्या कडा खरबरीत झालेल्या दिसतात, वर पिठूळ साय धरल्यासारखी. तीच पुढे कुरकुरीत होते. बाई म्हणतात, सगळा खेळ या हिसडण्यात आहे.

इकडे भट्टी २०० अंशांवर तापलेली आणि ट्रेमध्ये तेल घालून ट्रेही आत ठेवलेला. तेल चांगलं कडकडीत तापल्यावर फोडी सोडायच्या. चर्र आवाज आला पाहिजे, भजी सोडल्यावर येतो तसा. आवाज आला नाही तर ट्रे परत आत. फोडींमध्ये बोटभर जागा ठेवायची. एकमेकींना चिकटल्या की त्यांची वाफ त्यांनाच बाधते. पाऊण तास ते तासभर, मध्ये दोनदा उलटायच्या.

आणि शेवटच्या दहा-पंधरा मिनिटांत रोझमेरी. याला आपल्याकडे नाव नाही, म्हणून सांगतो कशी दिसते. गुडघाभर ते कमरेएवढं झुडूप, पानं सुईसारखी बारीक, वरून गडद हिरवी आणि खालून पांढुरकी. बोटात चुरली की कापूर आणि निलगिरी एकत्र ठेवल्यासारखा वास. आमच्या गल्लीत दर तिसऱ्या घरापुढे कुंपणाला लावलीय. बाई कात्री घेऊन बाहेर जातात आणि दोन काड्या तोडून आणतात, तू परसातून कढीपत्ता आणतेस तशी. सोबत लसणाच्या सालीसकट पाकळ्या. सालीत लसूण जळत नाही, आत लोणी होतो. बटाट्यावर दाबून खायचा. मीठ जाडं, खाली उतरवल्यावर.

दुसरी एक वनस्पती घालतात, थाईम. ती पहिल्यांदा हातात घेतली तेव्हा मी दचकलोच. ओवा! पानं एवढीशी, पण वास थेट ओव्याचा. नंतर लॅबमधल्या एकाने सांगितलं, दोन्हीतलं मुख्य द्रव्य एकच, थायमॉल. म्हणजे आपल्या तुळशीवृंदावनाशेजारी जो पानओवा माजलाय, ज्याची तू पावसाळ्यात भजी करतेस, तो या कामाला चालावा. बारीक चिरून अगदी शेवटी घाल, जाड पान आहे, पाणी सोडेल.

तुझ्याकडे भट्टी नाही हे मला माहीत आहे. पण नानकटाईला तू बिडाच्या कढईवर ताट ठेवून ताटात निखारे घालायचीस ना? वरखाली विस्तव. तसं करून बघ. तेल आधी तापव मात्र.

आता माझी फजिती. एका शनिवारी बाई गावाला गेल्या होत्या, म्हटलं आपण करू. दुकानातून सगळ्यात स्वस्त पिशवी आणली, आल्या आल्या फ्रिजमध्ये टाकली, आठवड्याने काढली. फोडी हिसडल्या तर कडा खरबरीत होईनात, साबणासारख्या गुळगुळीत. रोझमेरी सुरुवातीलाच घातली. वीस मिनिटांत धुराची घंटा वाजायला लागली. मी टॉवेल घेऊन छताखाली पंखा हलवतोय, रोझमेरीचा कोळसा झालाय, बटाटे बाहेरून काळपट आणि तरीही मऊ! शेजारचा माणूस कुंपणावरून विचारायला आला, सगळं ठीक ना?

अण्णा, इथून पुढचं तुमच्यासाठी. बटाटे का काळे पडले हे तुम्ही जागच्या जागी सांगितलं असतं. वेफर्सच्या कंपनीचा माणूस यायचा तेव्हा तुम्ही म्हणायचात तेच की, कोल्डस्टोरेजचा माल गोड होतो आणि गोड माल तळला की काळा पडतो. गारव्यात बटाट्यातल्या स्टार्चची साखर होते. मी फ्रिजमध्ये तेच केलं. इथल्या सरकारी अन्नखात्याने २०१७ मध्ये लोकांना सांगितलं होतं की बटाटा, पाव सोनेरी रंगावर थांबवा, करपवू नका, करपल्याने ॲक्रिलामाइड नावाचं नको ते द्रव्य वाढतं. ते आत्ता वाचलं, बटाटे जाळून झाल्यावर.

आणि दुसरी चूक वाणाची. मी आणलेला बटाटा चिकट जातीचा होता, सॅलडचा. तो उकडला तरी फोड मोडत नाही. भाजायला पिठूळ लागतो, ज्यात पाणी कमी आणि स्टार्च जास्त. इथे दुकानात पिशवीवर वाणाचं नाव छापलेलं असतं, आणि गिऱ्हाईक ते वाचून घेतं! आपल्याकडे मंचरला आडतीवर नाव विचारतात, पण पुण्यात भाजी घेणाऱ्याला ज्योती काय आणि पुखराज काय, सगळा "बटाटा". मला याचा राग येतो. चार महिने राबून आपण वाण सांभाळायचा आणि शेवटी तो नुसता बटाटा.

भाजायला इथे दोन नावं घेतात. एक किंग एडवर्ड, १९०२ चा, सातव्या एडवर्डच्या राज्याभिषेकाच्या वर्षाचा; डोळ्यांभोवती गुलाबी लाली असते. दुसरा मारिस पायपर, १९६६ चा. बाई हाच घेतात. मी एकदा सहज पिशवी वाचत होतो तर त्या म्हणाल्या, "हा तर आपल्या गल्लीतला." मला वाटलं थट्टा करताहेत. पण खरंच, घराजवळच्या रस्त्याचं नाव मारिस लेन. इथे पूर्वी सरकारी पीकपैदास संस्था होती, तिथे हा वाण तयार झाला. संस्थेत निघालेल्या गव्हाला, बटाट्याला, सगळ्यांना "मारिस" हे आडनाव लावत. संस्था १९८७ मध्ये विकली गेली, संशोधन नंतर दुसऱ्या गावी हललं, आणि तिच्या जमिनीवर आता नवी घरं आहेत. मी रोज कामाला जाताना त्याच बाजूने सायकल हाणतो.

मग मला आपलं कुफ्री आठवलं. कुफ्री ज्योती, कुफ्री पुखराज, कुफ्री चंद्रमुखी. लहानपणी मला वाटायचं कुफ्री ही कुणी बाई असेल. तुम्हीच सांगितलंत, सिमल्याजवळचं गाव आहे, तिथे वाण काढतात. म्हणजे तिकडे गावाचं नाव, इकडे गल्लीचं. मी बाईंना हे सांगितलं, तुमचा फोटोही दाखवला, तो सरीत उभा राहिलेला, हातात कुदळ. त्यांनी पहिला प्रश्न विचारला, पाणी कुठून देतात? म्हटलं, देत नाहीत. जूनमध्ये पंजाबचं बेणं आणतात, लावतात आणि आभाळाकडे बघतात. त्या बराच वेळ फोटो बघत राहिल्या.

मारिस पायपर इतका का चालला, हेही विचारलं. मुळांवरच्या सूत्रकृमींपैकी एका जातीला तो दाद देत नाही. शेतकऱ्याला ते आधी पटलं, खाणाऱ्याला चव नंतर. करप्याला मात्र तोही बळी पडतो. बाईंचं आजोळ आयर्लंडचं. तिकडे १८४५ ला बटाट्यावर जो रोग पडला तो आपला उशिराचा करपाच, अण्णा. पानाच्या कडेला पाणी भरल्यासारखा डाग, ढगाळ हवा, आणि आठवड्यात वावर काळं. दहा लाखांच्या आसपास माणसं गेली, तितकीच देश सोडून गेली. लोक एकाच वाणावर जगत होते. बाई बटाट्याची साल अजूनही इतकी पातळ काढतात की आरपार दिसावं. मी एकदा जाड साल काढली तर माझ्या हातातून सुरी घेतली, काही न बोलता.

मध्यंतरी मी त्यांना आपलं काही खिलवावं म्हणून रोझमेरीऐवजी कढीपत्ता आणि ठेचलेला लसूण घातला. कढीपत्ता इथे एवढ्याशा पुडीत येतो आणि भाव ऐकशील तर आई तू झाड उपटून पाठवशील. बाईंनी खाल्ला, दोनदा घेतला आणि म्हणाल्या, "वेगळा आहे." इंग्रजांच्या तोंडी "वेगळा आहे" म्हणजे काय, ते मला आता कळतं. पुढच्या रविवारी परत रोझमेरी.

त्यांनी एकदा विचारलं, तुमच्याकडे याला काय म्हणतात? म्हटलं, बटाटा. त्यांना वाटलं मी पोटॅटोच चुकीचा म्हणतोय. मग सांगितलं की पोर्तुगिजांनी आणला आणि नावासकट ठेवून गेले.

आणि तरी एक सांगू का. हे सगळं साग्रसंगीत भाजणं चालू असताना माझ्या नाकात वास वेगळाच असतो. काढणीच्या दिवसांत पाचटाचा जाळ विझला की आम्ही पोरं बारका माल फुफाट्यात पुरायचो. अण्णा ओरडायचे की बेण्याला राहू द्या रे, आणि स्वतःच दोन जास्त पुरायचे. काळी साल फोडली की आत पांढरंशुभ्र पीठ, बोटं भाजायची, तळहातावरचं मीठ लावून खायचं. त्याला रोझमेरी नव्हती, पण धुराचा वास होता. तो इथल्या भट्टीत येत नाही.

यंदा काढणी कशी झाली, मंचरला भाव काय लागला, बारका माल किती निघाला, ते सविस्तर कळवा. फोनवर "बरं हाय" नको.

आपला,
बाळू

ता. क. आई, उकळताना पाण्यात चिमूटभर खायचा सोडा घातला तर कडा आणखी पिठूळ होतात. चिमूटभरच, नाहीतर सगळंच विरघळतं. आणि आजीला विचार, फुफाट्यातल्या बटाट्याला ती आधी ओली माती लावायची का? मला तसं काहीतरी आठवतंय, पण चिमी नाही म्हणते.