बाबा, पाणी आधीच आणून ठेवा

पुणे

ती. आई-बाबांना साष्टांग नमस्कार.

बाबा, गुडघ्याचं काय? तुम्ही फोनवर 'ठीक आहे' म्हणणार, म्हणून हे आईलाच विचारतेय.

काल 'वीराना' पाहिला, तोच तो चेटकिणीचा हिंदी भयपट. पहिल्यांदाच सलग! आपल्या इंदूरच्या रामबागेतल्या घरी भाड्याचा व्हीसीआर आला होता, आठवतं? अर्धा वाडा सतरंजीवर, आणि आंघोळीचा प्रसंग आला की बाबांचा हुकूम, "जा गं, पाणी आण." मी तांब्या घेऊन येईपर्यंत नायिकेच्या, जास्मिनच्या, अंगात चेटकीण शिरलेली असायची. काल कळलं, १९८८ साली तिकिटं विकली गेली ती माझ्या त्या पाण्याच्या खेपांवर. त्याच अंगाकडे कॅमेरा आधी लाळ घोटत बघतो आणि मग तेच अंग दाखवून आपल्याला घाबरवतो. तिच्यामागे लाळ गाळत जाणारे पुरुष मात्र बिचारे बळी!

आई, तू वाटाणे सोलत एकदाच बोलली होतीस, "त्या पोरीला कुणी काही विचारलं का?" सगळे हसले. मीही.

आजीची भुतं तरी कुठे वेगळी होती म्हणा. मुंज झालेला पोरगा लग्नाआधी गेला की मुंजा. पण सवाष्ण गेली तर जखीण, बाळंतपणात गेली तर अळवंतीण. म्हणजे मेल्यावरही बाईची ओळख नवऱ्यामुलांवरूनच. आणि आधी छळ सोसल्याशिवाय सिनेमातली बाई कुणाला घाबरवूच शकत नाही. जिवंतपणी तिला कोण भितं?

'स्त्री' (२०१८) बघताना बाबा पडद्यावरच्या चंदेरी गावाच्या गल्ल्या ओळखण्यात दंग होते, आणि आई, तुझं लक्ष भलतीकडेच. रात्री घराबाहेर पडायला पुरुष घाबरतात, यावर सगळं थिएटर खिदळत होतं. तू म्हणालीस, "आम्हाला भूत नसतानाही हेच सांगतात." मी तेव्हा पॉपकॉर्नमध्ये होते. आता ते वाक्य डोक्यातून जात नाही.

दिवाळीत येतेय. 'लपाछपी' बघू या का? उसाच्या फडातलं घर आणि पोटुशी बाई. त्यात भीती स्त्रीभ्रूणहत्येची आहे, म्हणून जास्तच अंगावर येतो. आईला बघवेल की नाही, ते तिनंच ठरवावं.

बाबा, या वेळी पाण्याचा तांब्या आधीच भरून ठेवा. मी मधे उठणार नाही.

सराफ्यातली गराडू मात्र हवी, तीच तळलेल्या कंदाची.

तुमची,
मनू