अजमलीन म्हणजे ओवा नव्हे

मा. संपादक महोदय,

आपल्या दैनिकाच्या आरोग्य पुरवणीत हृदयाच्या ठोक्यांतील बिघाडांविषयी अलीकडे प्रसिद्ध झालेला लेख विषयाच्या निवडीसाठी स्वागतार्ह होता. मात्र त्यात ‘अजमालाइन’ असे छापलेले एक औषध, त्याच्या नावावरूनच कळते त्याप्रमाणे, अजमोदा किंवा ओवा यांसारख्या वनस्पतींपासून तयार होते, असे विधान होते. ते सर्वस्वी चुकीचे आहे. एखाद्या अवघड नावाची फोड चुकली एवढ्यावरच हे थांबले असते, तर मी पत्र लिहिण्याच्या भानगडीत पडलो नसतो. परंतु लेख वाचून आमच्या फोंडा परिसरातील काही ओळखीच्या मंडळींनी, रोज सकाळी चिमूटभर ओवा चावल्यास हृदयाचे ठोके ताळ्यावर राहतील काय, अशी चौकशी माझ्याकडे केली. औषधनिर्माणशास्त्र शिकवण्यात आयुष्य गेलेल्या माणसाला ती चौकशी कानाआड करता आली नाही.

या औषधाचे नाव एका माणसाच्या नावावरून पडलेले आहे. तो माणूस म्हणजे दिल्लीचे प्रख्यात युनानी वैद्य हकीम अजमल खान. ते १९२१ च्या अहमदाबाद काँग्रेसचे अध्यक्ष होते, जामिया मिलिया इस्लामियाच्या संस्थापकांपैकी होते आणि दिल्लीचे आयुर्वेदिक व युनानी तिब्बिया महाविद्यालय त्यांनीच उभे केले. त्याचे उद्घाटन १९२१ साली गांधीजींच्या हस्ते झाले. देशी औषधे आधुनिक रसायनशास्त्राच्या कसोटीवर तपासली जावीत, हा हकीमसाहेबांचा आग्रह होता. त्यासाठी जर्मनीतील फ्रँकफर्ट येथे डॉक्टरेट मिळवून आलेल्या सलीमुज्जमान सिद्दिकी या तरुण रसायनशास्त्रज्ञाला त्यांनी पाठबळ दिले. १९२७ च्या डिसेंबरात हकीमसाहेब वारले, पण संशोधन सुरू राहिले. सिद्दिकींनी सर्पगंधा या औषधी वनस्पतीच्या मुळातून अनेक अल्कलॉइडे, म्हणजे वनस्पतींत आढळणारी नत्रयुक्त व प्रभावी रसायने, वेगळी केली आणि १९३१ साली ती प्रसिद्ध केली. त्यांतील पांढऱ्या स्फटिकांच्या गटाला त्यांनी आपल्या आश्रयदात्याचे नाव दिले आणि पिवळ्या स्फटिकांच्या गटाला वनस्पतीच्या शास्त्रीय नावातील ‘सर्पेंटिना’ या शब्दावरून ‘सर्पेंटीन’ म्हटले. स्वतःचे नाव त्यांनी कशालाच दिले नाही, हे मला विशेष वाटते. पुढे ते पाकिस्तानात गेले आणि तेथील विज्ञानसंस्थांच्या उभारणीत त्यांनी उर्वरित आयुष्य वेचले.

नावाचा उत्तरार्ध ‘ईन’ हा अल्कलॉइडांच्या नावांना जोडण्याचा रसायनशास्त्रातील प्रघात आहे. क्विनीन, मॉर्फीन, निकोटीन ही नावे मराठी वाचकाच्या अंगवळणी पडलेली आहेत. त्यांपैकी निकोटीन हे तर लिस्बनमध्ये फ्रान्सचा राजदूत असलेल्या झां निको याच्या नावावरून आलेले, म्हणजे अजमल खानांच्याच जातकुळीचे नाव आहे. म्हणून माझे स्पष्ट मत असे, की मराठीत या औषधाचे नाव ‘अजमालाइन’ असे इंग्रजी उच्चाराच्या अदमासाने न लिहिता ‘अजमलीन’ असेच लिहावे. तसे लिहिले की त्यातला अजमल डोळ्यांना दिसतो आणि अजमोद्याची शंकाच उद्भवत नाही.

ज्या वनस्पतीतून हे औषध मिळाले, त्या सर्पगंधेचा गोव्याशी जुना संबंध आहे, आणि लेखकाने तो सांगितला असता तर लेखाला निश्चितच अधिक वजन आले असते. पणजीच्या चर्चसमोरील उद्यान ज्याच्या नावाने ओळखले जाते, त्या गार्सिया द ओर्ता या पोर्तुगीज वैद्याने आपला औषधी वनस्पतींवरील संवादरूप ग्रंथ १५६३ साली गोव्यातच छापून घेतला. त्यातील एक संवाद ‘सापाच्या लाकडा’विषयी आहे. सर्पदंशावर वापरल्या जाणाऱ्या निरनिराळ्या मुळ्या त्यात वर्णिलेल्या असून त्यांपैकी एक सर्पगंधा असावी, असे अनेक अभ्यासक मानतात. नागाशी झुंजण्याआधी मुंगूस ही मुळी खातो, ही लोकसमजूतही ओर्ताने नोंदवून ठेवली आहे. त्यानंतर जवळजवळ दीडशे वर्षांनी, १७०३ मध्ये, प्लुमिए या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञाने या वनस्पतीच्या प्रजातीला लेओनहार्ट राउवोल्फ या जर्मन वैद्याचे नाव दिले. हा राउवोल्फ बगदादपर्यंत पोहोचला होता, पण हिंदुस्थानात त्याने कधी पाऊल टाकले नाही. वनस्पतीला तिच्या देशात न आलेल्या जर्मनाचे नाव आणि तिच्यातील अल्कलॉइडाला दिल्लीच्या हकीमाचे नाव, असा हा योग आहे.

आता वापराकडे वळतो, कारण खरा घोटाळा तेथे आहे. सर्पगंधा म्हटले की आपल्याकडील ज्येष्ठांना रक्तदाबच आठवतो, आणि ते साहजिक आहे. १९३१ सालीच कोलकात्यात गणनाथ सेन व कार्तिकचंद्र बोस यांनी उन्माद आणि वाढलेला रक्तदाब या दोहोंवर या मुळीचा उपयोग होतो असे प्रसिद्ध केले होते. १९४९ मध्ये मुंबईच्या डॉ. रुस्तम जाल वकील यांनी ब्रिटिश हार्ट जर्नलमध्ये आपले निष्कर्ष मांडले, आणि त्यानंतरच पाश्चात्त्य वैद्यकाने या मुळीची गंभीर दखल घेतली. डॉ. वकील यांना १९५७ साली लास्कर पुरस्कार मिळाला तो याच कामासाठी. परंतु रक्तदाब उतरवणारा मुख्य घटक सिद्दिकींच्या स्फटिकांत नव्हता. तो मुळीच्या राळेसारख्या अंशात दडलेला होता आणि १९५२ मध्ये स्वित्झर्लंडमधील सीबा कंपनीच्या शास्त्रज्ञांनी तो बाहेर काढून त्याला ‘रेसर्पीन’ हे नाव दिले. (याच सीबाच्या पुढच्या अवताराचा कारखाना आपल्या कोर्लीला निघाला.) रेसर्पीन असलेली ‘अॅडेल्फेन’ ही गोळी आमच्या वडिलांच्या पिढीतील कित्येकांच्या उशाशी असे. नाक चोंदणे, सुस्ती आणि मुख्यतः मनावर येणारी उदासीनता या दुष्परिणामांमुळे, तसेच अधिक सुरक्षित औषधे आल्यामुळे, तिचा वापर पुढे ओसरला.

अजमलीनचे काम याहून अगदी वेगळे आहे. हृदयाच्या स्नायूतील पेशींमध्ये सोडियमचे कण आत शिरण्याच्या ज्या सूक्ष्म वाटा असतात, त्या हे औषध काही काळ अडवते, त्यामुळे हृदयातील विद्युत्-संदेशाचा वेग मंदावतो. ठोक्यांची लय बिघडल्यास ती सावरण्यासाठी युरोपात, विशेषतः जर्मनीत, ते शिरेतून देत आले आहेत. अलीकडे मात्र ते अधिक प्रसिद्ध आहे ते निदानासाठी. १९९२ साली पेद्रो आणि जोसेप ब्रुगाडा या बंधूंनी हृदयाचा एक आनुवंशिक विकार वर्णिला. त्यात माणूस वरवर धडधाकट असतो, हृदयाच्या रचनेत दोष सापडत नाही, आणि तरीही एखाद्या रात्री झोपेतच त्याचे हृदय थांबू शकते. नेहमीच्या ईसीजीत या विकाराची खूण पुष्कळदा दिसत नाही. तापामुळे ती कधी कधी उघड होते, आणि अजमलीनमुळे ती मुद्दाम उघड करता येते. शरीराच्या वजनाच्या दर किलोमागे १ मिलिग्रॅम या हिशेबाने औषध काही मिनिटांत शिरेतून सावकाश देतात आणि ईसीजीचा आलेख सतत पाहत राहतात. विशिष्ट कमान उमटली की संशयाला आधार मिळतो. औषधाचा अंमल लवकर उतरतो, म्हणूनच या चाचणीसाठी त्याला पसंती आहे. तथापि चाचणी चालू असताना ठोके घातक रीतीने बिघडण्याचाही संभव असतो, त्यामुळे विजेचा झटका देऊन हृदय पूर्ववत करणारे यंत्र आणि ते हाताळणारे प्रशिक्षित डॉक्टर जवळ असल्याशिवाय ही चाचणी कोणी करीत नाही. जेथे अजमलीन उपलब्ध नसते, तेथे फ्लेकेनाइड किंवा प्रोकेनमाइड यांसारखी औषधे याच कामासाठी वापरतात.

हे सगळे परदेशचे आहे, गोव्याच्या वाचकाला त्याचे काय, असा प्रश्न कोणी विचारील. माझ्या परिचयातील एका कुटुंबाचा मुलगा इंग्लंडमध्ये नोकरीला आहे. त्याच्या चुलत्याचा तरुणपणी झोपेत मृत्यू झाला होता, हे कळल्यावर तेथील डॉक्टरांनी त्याला ही चाचणी सुचवली आणि रुग्णालयाचे पत्र त्याने घरी पाठवले. घरच्यांनी औषधाचे नाव शोधताना ‘अजमलिसीन’ या दुसऱ्याच औषधाची माहिती वाचली आणि मुलाला रक्तवाहिन्यांचा विकार जडला आहे अशी समजूत करून घेतली. पोर्तुगाल आणि इंग्लंडमध्ये स्थायिक झालेल्या गोमंतकीयांची संख्या लक्षात घेता अशी पत्रे अन्य घरांतही येत असणार.

अजमलिसीन हे नावही हकीमसाहेबांवरूनच पडलेले आहे, आणि सिद्दिकींच्याच काळातील आहे. त्याला ‘रॉबासीन’ असे दुसरेही नाव आहे. आपल्या परसात बारमाही फुलणाऱ्या सदाफुलीच्या मुळांतूनही ते मिळते. ते रक्तवाहिन्या सैल करते, आणि मेंदूचा रक्तपुरवठा सुधारावा या हेतूने काही देशांत त्याच्या गोळ्या देत असत. म्हणजे अजमलीन हे ठोक्यांच्या विद्युत्-यंत्रणेवर चालणारे, अतिदक्षता विभागात शिरेतून द्यायचे औषध, तर अजमलिसीन हे रक्तवाहिन्यांवर चालणारे. एकाच्या जागी दुसरे वाचणे हे जुळ्या भावंडांपैकी भलत्यालाच हाक मारण्यासारखे आहे. येथे मात्र त्याचा परिणाम हसण्यावारी नेण्याजोगा नसतो. औषधांची आंतरराष्ट्रीय नावे ठरवताना जागतिक आरोग्य संघटना सध्या एका गटातील औषधांना समान प्रत्यय देते. रक्तदाबावरील ‘प्रिल’ आणि ‘सार्टन’ ही अखेरची अक्षरे आपल्या घरातील गोळ्यांच्या पाकिटांवर सहज सापडतील. त्या पद्धतीमुळे औषधाचे काम नावावरून ओळखता येते. माणसांच्या नावावरून पडलेल्या जुन्या नावांना मात्र ही सोय नाही. अजमलीन हे नाव औषधाचा इतिहास सांगते, काम सांगत नाही, आणि म्हणूनच त्याच्या नावावरून गुण काढायला बसू नये.

आणखी एक गोष्ट नमूद करणे आवश्यक वाटते. ओव्याने कोणाचे फारसे बिघडणार नाही, पण अजमलीन सर्पगंधेतून मिळते असे कळल्यावर कोणी सर्पगंधेची मुळी उगाळून घेऊ लागेल, तर ते मात्र धोक्याचे आहे. मुळीत रेसर्पीन, अजमलीन आणि इतर अनेक अल्कलॉइडे एकत्र असतात आणि त्यांचे प्रमाण जमिनीगणिक, हंगामागणिक बदलते. रक्तदाबाच्या नेहमीच्या गोळ्या चालू असताना त्यात गावठी औषध म्हणून मुळीचे चूर्ण मिसळल्यास रक्तदाब अकस्मात उतरणे, नाडी मंद होणे किंवा मन खिन्न होणे संभवते. जाणकार वैद्य हे औषध तोलूनमापून देतात. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात कोणी मुळी विकायला बसला, तर त्याच्याकडून ही अपेक्षा करता येत नाही, आणि ती मुळी सर्पगंधेचीच आहे याचीही खात्री नसते. शिवाय रानातून बेसुमार उपटल्यामुळे ही वनस्पती दुर्मीळ होत चालली असून धोक्यातील प्रजातींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात तिचा समावेश आहे.

आपणास विनंती, की पुढील आरोग्य पुरवणीत, मूळ लेख छापला त्याच पानावर, अजमोद्याविषयीच्या विधानाची दुरुस्ती प्रसिद्ध करावी, औषधाचे नाव ‘अजमलीन’ असे छापावे आणि अजमलिसीन हे त्याहून निराळे औषध असल्याचे एका ओळीत सांगावे. लेखकांनी हृदयाच्या आनुवंशिक विकारांविषयी आणखी लिहावे अशी माझी इच्छा आहे. घरातील कोणी तरुणपणी, कारण न कळता, झोपेत दगावले असल्यास ती माहिती डॉक्टरांना आवर्जून द्यावी, एवढे तरी त्यांनी पुढील लेखात ठळकपणे लिहावे.

आपला,
औषधनिर्माणशास्त्राचा एक निवृत्त शिक्षक
फोंडा, गोवा