गुडघा ठणठणीत आहे

कोल्हापूर,
रविवार, रात्रीचे साडेअकरा

सुन्या,

शिव्या आधीच देऊन घे, म्हणजे पुढचं नीट वाचशील. दिवाळीतल्या तुझ्या मेसेजला आत्ता जुलैत उत्तर देतोय. मोबाइलवर टाइप करायला बसलो होतो, तीन ओळींत अंगठा थकला. मग ओमच्या जुन्या वहीची मागची कोरी पानं फाडली. फोटो काढून पाठवीन. अक्षर लागत नाही म्हणू नकोस, दहावीला माझ्याच वह्या उतरवून पास झालायस.

तब्येत बरी. शुगर जरा वर आहे. गुडघा ठणठणीत आहे. हसू नकोस.

ओमला जूनमध्ये अकादमीत घातलं हे काकूंकडनं कळलंच असेल. निवासी आहे. राहणं, शाळा, फुटबॉल सगळं तिथंच. फोन फक्त रविवारी, दहा मिनिटं, तोही ऑफिसातल्या फोनवरनं. आज सातवा रविवार. "जेवलास का?" "हो." "कुठं खेळवतात?" "राइटला." "मग भारीच की मर्दा!" "हं." मग जरा थांबून म्हणाला, "पप्पा, चंपीला पिल्लं झाली?" चंपी म्हणजे आमच्या गल्लीतली कुत्री. म्हटलं, झाली की, चार झाली. तर म्हणाला, "कुठल्या रंगाची?"

आणि मला सांगता येईना. रोज कारखान्याला जाताना त्या पिल्लांवरनं गाडी वळवून नेतो, पण रंग काही आठवेना. तो थांबला होता. मी "बघून सांगतो" म्हटलं. मग पलीकडनं फक्त नाक ओढल्याचा आवाज आला. एकदाच. "ठेवतो, मागं पोरं थांबल्यात." चार मिनिटं शिल्लक होती अजून.

तो आवाज मला ओळखू येतो. आणि जगात दुसरा कुणी ओळखत असेल तर तू, कारण १९९६ ला त्या शिबिरातल्या पत्र्याच्या खोलीत माझ्या शेजारच्या कॉटवर तूच होतास.

आता म्हणशील, एवढं सगळं झालं आणि अजून नवास कसा आला नाही. आला. हेसूस नवासमुळंच तर घोळ झालाय.

ओमला सोडायला गेलो तेव्हा रात्रभर बसमध्ये त्याला नवासची गोष्ट सांगत होतो. म्हटलं, बघ, स्पेनचा एक पोरगा होता, राइट विंगर, म्हणजे उजव्या कडेनं पळणारा, तुझ्यासारखा काटकुळा. घरापासून लांब गेला की त्याची छाती धडधडायची, झटके यायचे, शिबिरं अर्धी टाकून घरी परत यायचा. आणि तोच पोरगा पुढं वर्ल्ड कप जिंकला. कशी वाटली गोष्ट? ओमनं विचारलं, "मग त्याचं बरं कसं झालं?" मी म्हटलं, "हिंमत धरली." आणि झोपल्याचं सोंग घेतलं.

हिंमत धरली म्हणे! लेका, मधली सगळी वर्षं मी गिळून टाकली. परवा माधुरीला तीच गोष्ट ऐकवत होतो. ती पीठ मळत होती. म्हणाली, "त्याचं गाव कुठलं?" म्हटलं, लोस पालासिओस. टोमॅटोसाठी नाव आहे त्या गावाचं. स्पेनकडनं खेळणारा तो गावी तिथला, फाबियान रुईझही तिथला, त्या पाण्यातच काहीतरी असणार. "आणि तो क्लब कुठं?" सेव्हियात. "किती लांब?" पंचवीस-तीस किलोमीटर असेल. "म्हणजे कागलच्या थोडं पुढं," ती म्हणाली. "आणि ओम किती तास लांब आहे?" मी काही बोललो नाही. अकरा तास, सुन्या. तीही गाडी वेळेत असली तर.

तेव्हापासून डोक्यात भुंगा लागलाय. खरी गोष्ट आपल्या दोघांना तोंडपाठ आहे की. पंधराव्या वर्षी सेव्हियाच्या पोरांत गेला, २००३ च्या नोव्हेंबरमध्ये मोठ्या संघाकडनं पहिली मॅच, वय अठरा वर्षं आणि दोन दिवस. २००६ ला इंग्लंडचं चेल्सी मागं लागल्याच्या बातम्या यायला लागल्या तेव्हा तू म्हणालास, "गेला आता हा." गेला नाही. जमत नव्हतं त्याला. क्लबनंही त्याला हुसकावलं नाही. घरी राहून त्यानं २००६ ला आणि २००७ ला युएफा कप जिंकला, स्पेनचा किंग्ज कप जिंकला. स्पेनच्या मोठ्या संघात इतकी वर्षं आला नाही तो काय खेळ कमी होता म्हणून? उपचार घेतले, हळूहळू अंतर वाढवलं, आणि २००९ च्या नोव्हेंबरमध्ये माद्रिदला अर्जेंटिनाविरुद्ध उतरला. चोविसावं पूर्ण व्हायला एक आठवडा होता. चोविसावं, सुन्या! ओम तेरा वर्षांचा आहे.

आणि घरी राहिला म्हणून सगळं गोडच होतं असंही नाही. २००७ च्या ऑगस्टमध्ये अँतोनियो पुएर्ता घरच्याच मैदानावर हेताफेविरुद्धच्या मॅचमध्ये कोसळला आणि तीन दिवसांनी गेला. बावीस वर्षांचा. हा उजवीकडनं, तो डावीकडनं, एकाच क्लबात वाढलेली पोरं. मँचेस्टरहून परत आल्यावर पुढं नवासनं १६ नंबर घेतला, पुएर्ताचा. तुला आठवतंय, तेव्हा आपण तालमीत दोन दिवस कुणीच मोठ्यानं बोललो नव्हतो. आपण त्याला कधी पाहिलेलाही नाही, आणि तरी.

बरं, भांडण राहिलंच. २०१० च्या वर्ल्ड कपची फायनल, स्पेन आणि हॉलंड. रात्री बाराला सुरू झालेली मॅच, अख्ख्या पेठेचं तोंड पडलेलं, कारण जर्मनीनं अर्जेंटिनाला चार घातले होते आणि झेंडे कुणी उतरवायचे यावरनं वाद. साठाव्या मिनिटाला पेद्रोला काढून नवासला आणला. तू म्हणालास, "आता क्रॉस थेट गॅलरीत." गोलसमोर टाकायचा बॉल हा गॅलरीत मारणार म्हणे! मी गप्प. आणि ११६ व्या मिनिटाला उजवीकडनं, आपल्याच अर्ध्या भागातनं बॉल घेऊन जो सुटला तो! डच अंगावर येतायत, हा पळतोय. पुढं इनिएस्ताची टाच, फॅब्रेगास, परत नवास, डावीकडं टोरेस, टोरेसचा क्रॉस अडला तो फॅब्रेगासकडं, त्याच्याकडनं इनिएस्ता, आणि गोल. तू आजही म्हणतोस, "त्या धावेत शेवटी बॉल निसटलाच होता त्याच्या पायातनं." निसटू दे ना! निसटला तो कुणाकडं गेला ते बघ की! इतकी वर्षं झाली, अजून एवढं मान्य करत नाहीस. घरापासनं लांब, महिनाभर दक्षिण आफ्रिकेत, तो पोरगा झोपला कसा असेल याचाच मी त्या रात्री विचार करत होतो. तुला सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तर तू गुडघ्याचं काढलं असतंस.

मग २०१३ ला तो सत्ताविसाव्या वर्षी तुझ्याच गावात, मँचेस्टरला, राहायला आला आणि तुझी मजा झाली. चार मोसम, लीगमध्ये चार गोल, तेही सगळे पहिल्याच मोसमात. टोटनहॅमविरुद्ध चौदाव्या सेकंदाला त्यानं गोल मारला, तू स्टेडियममध्ये होतास, आणि तुला दिसला नाही कारण तू चहाच्या रांगेत उभा! आयुष्यात एकदा देव दारात आला तर हा चहा घेतोय. यावर तुझं कुठलंही म्हणणं मी ऐकून घेणार नाही.

तू तिकडनं लिहायचास, "इथं लोक हसतात त्याच्या क्रॉसला." मला राग यायचा. क्रॉसचा राग नव्हता. तो तिथं राहतोय, मँचेस्टरच्या त्या पावसात, चार वर्षं, सेव्हियाचं ऊन सोडून, हे कुणालाच दिसत नव्हतं. तुलाही नाही. आता वाटतं, तुला दिसत असणार, तू बोलला नाहीस. तू तरी कधी बोललास की पहिल्या वर्षी तुझं तिकडं कसं झालं? आणि मी तरी कधी विचारलं? विचारतोय. उत्तर दे. नुसतं "ठीक होतं रे" चालणार नाही.

२०१७ ला तो घरी परतला. पाय मंदावले तर बॅकला खेळला, कॅप्टन झाला, आणखी दोन युरोपा लीग (युएफा कपचंच नवं नाव) घेतल्या. आणि २०२४ च्या युरो कपची ती सेमीफायनल! अडतीस वर्षांचा माणूस, समोर एम्बापे. नेहमीचा राइट बॅक कार्वाहाल नाही म्हणून याला उतरवलं. नवव्या मिनिटाला याच्याच बाजूनं एम्बापेनं क्रॉस टाकला आणि फ्रान्सचा गोल. मग लगेच पिवळं कार्ड. माधुरी जागी झाली माझ्या ओरडण्यानं. तिकडं याच्या पुढं खेळणारा यमाल सोळा वर्षांचा, त्यानं काय तो गोल मारला, आणि चार मिनिटांत याचा क्रॉस, हो, क्रॉसच, फ्रान्सच्या बॅकनं अर्धवट काढला तो ओल्मोकडं, आणि २-१. तुला रात्री दोन वाजता फक्त एक शब्द पाठवला होता: "क्रॉस". तू अंगठा पाठवलास. कंजूष.

नंतर त्यानं सांगितलं की चार वर्षं खुब्याचं दुखणं घेऊन खेळत होतो, मॅचनंतर चालायचे वांधे. आपण ऐकून सुन्न. मला मात्र वेगळंच वाटत राहिलं. त्याचा खुबा खरोखर गेलेला, त्यानं लपवला. माझा गुडघा धडधाकट, तो मी गावभर दाखवला.

हे आज पहिल्यांदा कागदावर लिहितोय. तिसऱ्या रात्री मी रडून रडून ओकलो होतो. पहाटे पाचला तुझंच क्रेप बँडेज तू माझ्या गुडघ्याला बांधलंस आणि बॅग घेऊन एस.टी. स्टँडवर आलास. वाटेत म्हणालास, "लंगड, उजव्या पायानं लंगड. डाव्या नव्हं!" सरांना तूच सांगितलंस. घरी आईनं महिनाभर हळदीचा लेप लावला. बाबांनी हाडवैद्याकडं नेलं, तर त्या भल्या माणसाला नसही दबलेली सापडली! पुढं माझ्या जागी तुला राइटला खेळवलं आणि माझ्या लग्नात ढोसून तू मला ऐकवलंस की तुझ्या गुडघ्यापायी मी चांगला स्ट्रायकर वाया गेलो. ते खरं होतं का रे?

बाबा गेले तरी त्यांना कळलं नाही. माधुरीला माहीत नाही. ओम तर लहानपणापासून माझ्या गुडघ्याला हात लावून विचारायचा, "इथंच लागलं होतं का पप्पा?" मी हो म्हणायचो. त्याला अकादमीत घातलं तेव्हा सगळ्यांना म्हणत होतो, माझं राहिलं ते पोरगा करील. काय राहिलं होतं माझं? तीन रात्री.

२०२४ च्या डिसेंबरात माद्रिदच्या बर्नाबेऊ मैदानावर नवासची शेवटची मॅच झाली, माद्रिदवाल्यांनी रांग लावून त्याला मानवंदना दिली. सेव्हियाकडनं ७०५ मॅच. रविवारच होता. मी तुझा नंबर काढून ठेवला होता. मग ओम आत आला, म्हणाला, "पप्पा, निवडीचा फॉर्म भरायचाय," आणि फोन राहिला.

वहिनींच्या नव्या नोकरीचं अभिनंदन सांग. सईला कुठलं कॉलेज मिळालं? घराचं जमतंय का? काकूंकडं मंगळवारी जाऊन आलो, बीपी नॉर्मल आहे, टीव्हीचा रिमोट बिघडला होता तो आणून दिला. पैसे विचारू नकोस.

शनिवारच्या रात्रीच्या गाडीचं तिकीट काढलंय. जातानाचं एक. परतीचं काढलेलं नाही, एक काढायचं की दोन ते मला आज कळत नाही. ओमला विचारणार आहे, आणि तो "राहतो" म्हणाला तर ते माझ्या तोंडाकडं बघून म्हणाला की काय, हे मला कसं कळणार? त्याआधी त्याला गुडघ्याचं सांगायचं ठरवलंय. रविवारी पाच ते सहा माझा फोन त्याच्या हातात असेल, तुझ्याकडं दुपार. व्हिडिओ कॉल कर. क्रॉसवरनं हवं ते बोल. मी मागं उभा असेन. मी सांगितलंय की नाही ते माझ्या तोंडावरनं तुला कळेलच. सांगितलेलं नसलं तर तू सांग.

तुझा,
बाळ्या

ता. क. बॅटरी घेऊन खाली जाऊन आलो. दोन काळी, एक पांढरं, एक तांबूस. तांबड्याच्या शेपटीचं टोक पांढरं आहे.