शर्मिष्ठेतला गुच्छ आणि कॅरोलिन

महोदय,
आकाशदर्शनाच्या कार्यक्रमांत देवयानी दीर्घिका दाखवली की मेसिए आणि विल्यम हर्शेल या अठराव्या शतकातल्या खगोलनिरीक्षकांची नावे हमखास येतात. विल्यमची धाकटी बहीण कॅरोलिन मात्र फार तर ‘मदतनीस’ म्हणून उल्लेखली जाते. हे मनाला लागते.

१७८३ च्या सप्टेंबरात भावाने बनवून दिलेल्या छोट्या परावर्ती दुर्बिणीतून तिने शिल्पकार तारकासमूहातली एनजीसी २५३ (एनजीसी म्हणजे दीर्घिका, तारकागुच्छ वगैरेंची क्रमवार यादी) ही दीर्घिका शोधली. इंग्लंडमधून ती क्षितिजालगत, जेमतेम वर येते. आपल्याकडे मात्र नोव्हेंबरात दक्षिणेला चांगली उंच असते. अंधाऱ्या गावातून साध्या द्विनेत्रीतूनही लांबट धूसर पट्टा दिसतो. त्याच वर्षी ऑक्टोबरात तिला शर्मिष्ठा तारकासमूहातला एनजीसी ७७८९ हा तारकागुच्छ सापडला. शर्मिष्ठेचा ‘एम’ तर आपल्याकडे शाळकरी मुलेही ओळखतात! त्याच्या पश्चिम टोकाच्या ताऱ्याजवळच हा गुच्छ आहे. दुर्बिणीत ताऱ्यांच्या ओळी गुलाबाच्या पाकळ्यांसारख्या वळलेल्या दिसतात, म्हणून जगभरचे निरीक्षक त्याला ‘कॅरोलिनचा गुलाब’ म्हणतात.

पुढे तिने धूमकेतूही शोधले. १७८७ पासून इंग्लंडच्या राजाकडून तिला वर्षाला ५० पौंड पगार मिळू लागला आणि १८२८ मध्ये रॉयल अ‍ॅस्ट्रॉनॉमिकल सोसायटीचे सुवर्णपदक.

आकाशप्रेमी मंडळांना विनंती, येत्या अमावास्येच्या कार्यक्रमात हा गुच्छ दाखवा आणि तो कोणी शोधला तेही मुलींना आवर्जून सांगा.

— एक आकाशप्रेमी वाचक, वाई