इमू म्हणजे नेमकं काय?

संपादक साहेब,
परवा घरी इमूवरून वादच झाला. काकाजींले आठवला तो ऑस्ट्रेलियाचा पक्षी, तेल विकून पैसा येईल म्हणून त्यांनी चार जोड्या आणल्या होत्या, काळपट हिरवं अंडं आम्ही पोट्टे दोन्ही हातानं धरून पाहायचो, गिऱ्हाईक काही आलंच नाही अन् तारेचं कुंपण तेवढं उरलं. पोरगा म्हणे इमू म्हणजे इलेक्ट्रिक मल्टिपल युनिट, मुंबईची लोकल १९२५ पासून तीच, मेनलाइनचा म लागला की आपली वर्ध्याची मेमू, डिझेलवाली डेमू. भाची बँकेच्या परीक्षेचा अभ्यास करते, तिचा इमू युरोपातला, आर्थिक अन् चलन संघ, त्यातूनच १९९९ ले युरो आला. काकाजी म्हणे, माहे पैसे कोणत्या इमूनं खाल्ले मग?

– एक वाचक, जि. वर्धा